फायटर आणि फाइट मास्टर : एकाच उडीचे दोन पेशे

पडद्यावर नायक गच्चीवरून झेप घेतो, तेव्हा ती त्याने स्वतः घेतली की त्याच्या डुप्लिकेटने, एवढाच प्रश्न आपल्याला पडतो. ती किती उंचीवरून आणि कशावर घ्यायची हे ठरवणाऱ्या तिसऱ्या माणसाचा विचार सहसा होत नाही. मुंबईच्या चित्रपटसृष्टीत झेप घेणाऱ्याला फायटर आणि ती बसवणाऱ्याला फाइट मास्टर म्हणतात. मास्टरचे नाव श्रेयनामावलीत बहुधा ‘ॲक्शन डायरेक्टर’ म्हणून येते. बोलताना आपण दोघांनाही स्टंटमन म्हणून मोकळे होतो.

दहा मीटर उंचीवरून पडणारे शरीर खाली पोहोचते तेव्हा त्याचा वेग ताशी सुमारे 50 किलोमीटर झालेला असतो. हा वेग जितक्या जास्त अंतरात जिरेल तितका धक्का सौम्य बसतो, आणि म्हणूनच रिकाम्या खोक्यांचे किती थर रचायचे, की हवेची गादी मागवायची, हा हिशेब मास्टरचा असतो. फायटरचे काम त्यानंतर सुरू होते. त्याला हवेतच अंग वळवून पाठीवर सपाट उतरावे लागते, कारण पोटावर पडल्यास कणा उलट्या बाजूला वाकण्याचा धोका असतो. शिवाय हे सारे चेहरा कॅमेऱ्यापासून लपवून करायचे असते. ‘शोले’मधील (1975) टांग्याच्या पाठलागात हेमा मालिनी यांच्या जागी रेश्मा पठाण होत्या, हे कित्येक प्रेक्षकांना फार उशिरा कळले.

बहुतेक मास्टर आधी फायटरच असतात. शाम कौशल यांनी स्टंटमन म्हणून सुरुवात केली आणि पुढे ते ॲक्शन डायरेक्टर झाले. हॉलिवूडमध्ये ‘द मेट्रिक्स’मध्ये (1999) किआनू रीव्ह्ज यांचे डुप्लिकेट असलेले चाड स्टाहेल्स्की नंतर थेट चित्रपट दिग्दर्शक झाले. यावरून पहिला पेशा ही दुसऱ्याची केवळ पायरी आहे असा समज होतो, आणि तो मला चुकीचा वाटतो. उत्तम पडणाऱ्याला दुसऱ्याच्या पडण्याचा हिशेब मांडता येईलच असे नाही. मास्टरला वाहने, दोर, स्फोटके आणि कॅमेऱ्याचे कोन यांचे भान तर लागतेच, पण दिग्दर्शकाला घाई असताना ‘आज हा शॉट होणार नाही’ असे सांगण्याची धमकही लागते. रोजंदारीवर आलेल्या फायटरला तसे सांगणे अवघड जाते. म्हणून ही जबाबदारी मी मास्टरचीच मानतो.

सन्मानाच्या बाबतीतही हा फरक दिसतो. दूरचित्रवाणीच्या एमी पुरस्कारांत स्टंट बसवणाऱ्यांसाठी 2002 पासून स्वतंत्र विभाग आहे, तर प्रत्यक्ष स्टंट करणाऱ्यांसाठी तो 2021 मध्ये सुरू झाला. 2027 मध्ये प्रदर्शित होणाऱ्या चित्रपटांपासून ऑस्करमध्येही स्टंटचा विभाग येणार आहे. तो ‘स्टंट डिझाइन’चा, म्हणजे मुख्यतः आखणीचा आहे.