शंखातला शिंपला

ओहोटीच्या वेळी गोव्याच्या सपाट, बारीक वाळूच्या किनाऱ्यावर शर्टाच्या बटणाएवढे चपटे, गुळगुळीत शंख विखुरलेले दिसतात. हे घर उम्बोनियम वेस्टिअॅरियम या समुद्री गोगलगाईचे होय. कार्ल लिनिअस यांनी १७५८ मध्ये तिला शास्त्रीय नाव दिले. त्यांनी तिला भोवऱ्यासारख्या शंखांच्या ट्रोकस या गटात टाकले होते आणि तिचे कुळ आजही तेच मानले जाते. शंखाची रुंदी साधारणतः एक ते दीड सेंटिमीटर भरते.

या कुळातील बहुतेक गोगलगाई खडकांवर फिरून, दातांच्या कानशीसारख्या पट्टीने शेवाळ खरवडून खातात. उम्बोनियमने मात्र हा कुळाचार सोडला आहे. ती वाळूत पुरून राहते, डोक्याच्या डाव्या बाजूने पाणी आत ओढते, लांब कल्ल्यांवर त्यातील सूक्ष्म अन्नकण अडवते आणि उरलेले पाणी उजव्या बाजूने बाहेर सोडते. आपल्या ताटातल्या तिसऱ्या आणि खुबे याच रीतीने पोट भरतात. म्हणजे ही शंखात राहून शिंपल्याचे जिणे जगते.

शंखाची घडणही या जिण्याला साजेशी आहे. उंच शिखर आणि खरबरीत कंगोरे वाळूत सरकताना अडले असते, म्हणून येथे शिखर बसके आणि पृष्ठभाग घोटीव आहे. शंख उलटा केला, तर अनेक जातींत जेथे मधोमध खोल बेंबी असते, तेथे हिच्यात चुन्याचा जाड, चकचकीत ठिपका बसवलेला दिसतो.

रंगांची तर गंमतच आहे. करडे, तपकिरी, गुलाबी, जांभळट, पिवळसर अशा शंखांच्या मूठभर ढिगात अगदी एकसारखे दोन सापडणे कठीण. शंख फक्त तोंडाच्या कडेशी वाढतो आणि आवरण नावाचा मऊ पडदा तेथे चुन्याबरोबर रंगही घालत जातो. पडद्यावरची एकच जागा सतत रंग सोडत राहिली, तर वेटोळ्याच्या दिशेने पट्टा उमटतो. सगळी कड थांबून थांबून रंग सोडू लागली, तर आडव्या रेघा पडतात. आणि रंग सोडणारी जागा हळूहळू सरकली, तर नागमोडी नक्षी तयार होते. शिकारी एकाच रंगाला सरावू नये म्हणून ही विविधता टिकली असावी, असे एक स्पष्टीकरण दिले जाते. पण वाळूखाली दडणाऱ्या प्राण्याच्या बाबतीत ते मला पुरेसे वाटत नाही. वरचा थर झिजला की आतला मोतिया थर उघडा पडतो. त्यातील अॅरॅगोनाइटच्या, म्हणजे चुन्याच्या एका स्फटिकरूपाच्या, चकत्या सुमारे अर्धा मायक्रोमीटर जाडीच्या, म्हणजे प्रकाशाच्या तरंगलांबीच्या जवळपास असल्यामुळे तेथे इंद्रधनुषी झळाळी दिसते.

काही शंखांवर टाचणीने कोरल्यासारखे गोल छिद्र असते. मुलांना ते माळेत ओवायला आयतेच मिळते, पण ती खुनाची खूण असते. नॅटिसिडी कुळातील मांसाहारी गोगलगाय भक्ष्याला आपल्या रुंद पायात गुंडाळते, विशिष्ट ग्रंथीच्या स्रावाने शंख मऊ करते, मग दातांनी खरवडते, आणि ही दोन्ही कामे आळीपाळीने करत आत पोहोचते. त्यामुळे छिद्राची कड वर रुंद व आत अरुंद अशी उतरती होते. कधीकधी आरपार न गेलेला नुसता खळगा असलेला शंखही हाती लागतो. तो हल्ला अर्ध्यावरच थांबलेला असतो.