समझोता झाला म्हणजे गुन्हा रद्द झाला, असं नाही

बायकोने नवऱ्यावर छळाचा गुन्हा दाखल केलेला असतो. मग मध्यस्थी केंद्रात सह्या झाल्या, डीडी हातात दिला, घटस्फोटही झाला. दोन वर्षांनी दारात पकड वॉरंट येतं आणि नवरा ओरडतो, "पैसे घेऊन शब्द फिरवला!" बहुतेक वेळा बायकोने काहीच फिरवलेलं नसतं. गुन्हा रद्द करून घ्यायचं राहून गेलेलं असतं. हा घोळ इतक्यांदा पाहिलाय की आता राग येतो, कारण तो टाळता येतो.

मध्यस्थी म्हणजे काय हे तुम्हाला माहीत आहे: तटस्थ व्यक्ती, बंद खोली, तिथलं बोलणं न्यायाधीशांपुढे जात नाही, शेवटी अटी कागदावर येतात. (पोलिसांच्या महिला कक्षातलं समुपदेशन वेगळं, ते बहुधा गुन्हा दाखल होण्याआधी होतं.) पोटगी, मुलांचा ताबा, स्त्रीधन, परस्पर संमतीने घटस्फोट या दोघांमधल्या गोष्टी आहेत, त्या तिथे ठरू शकतात.

गुन्हा मात्र दोघांमधला नसतो. पत्नी फिर्यादी असली तरी खटला सरकार विरुद्ध आरोपी असा चालतो. म्हणून "ती केस मागे घेईल" हे वाक्य मला खटकतं. पोटगीचा किंवा कौटुंबिक हिंसाचार कायद्याखालचा अर्ज ती मागे घेऊ शकते, कारण तो तिचा अर्ज आहे. एफआयआर तशी मागे घेता येत नाही.

खरी मेख आरोपपत्रातल्या कलमांत आहे. नेहमीची माळ असते भारतीय दंड संहितेची 498अ (नवरा किंवा सासरच्यांनी केलेला छळ), 323, 504, 506. यातली मारहाण, शिवीगाळ, धमकी ही कलमं तडजोडीला योग्य आहेत. खालच्या कोर्टातही ती मिटतात. 498अ, म्हणजे 1 जुलै 2024 नंतरच्या गुन्ह्यांसाठी भारतीय न्याय संहितेचं कलम 85, केंद्रीय कायद्याच्या तडजोडयोग्य गुन्ह्यांच्या यादीत नाही. मध्यस्थाला, कौटुंबिक न्यायालयाला, लोकअदालतीला ते संपवता येत नाही. 2013 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की समेटाची शक्यता दिसली तर फौजदारी कोर्टांनीही असं प्रकरण मध्यस्थीकडे पाठवावं. तिथून लोकांनी अर्थ काढला की ते मध्यस्थीतच संपतं. पाठवणं वेगळं, संपवणं वेगळं.

संपवायचं तर उच्च न्यायालयात जावं लागतं. पूर्वी फौजदारी प्रक्रिया संहितेचं कलम 482, आता तिच्या जागी आलेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेचं 528. समझोत्याच्या आधारे वैवाहिक गुन्हे असे रद्द करता येतात, हे सर्वोच्च न्यायालयाने 2003 मध्ये आणि पुन्हा 2012 मध्ये स्पष्ट केलं. बलात्कारासारखे गंभीर गुन्हे त्यातून वगळले. पत्नी प्रतिज्ञापत्र देते, आणि संमती दबावाखाली दिलेली नाही ना, याची न्यायालय खात्री करून घेतं. ही औपचारिकता नाही. माझ्या मते सगळ्या प्रक्रियेतली तिच्यासाठी सर्वांत मोलाची पायरी हीच.

म्हणून "दोन्ही पक्ष आपापल्या केसेस काढून घेतील" ही एका ओळीची अट मला अजिबात चालत नाही. प्रत्येक केसचा नंबर लिहा, रद्द करण्याचा अर्ज कोण, किती दिवसांत करणार ते लिहा. रक्कम एकदम देऊ नका, एकदम अडवूनही ठेवू नका; शेवटचा हप्ता गुन्हा रद्द होण्याच्या दिवशी ठेवा. सासू-सासरे, परगावी राहणारी नणंद, सगळे आरोपी त्या अर्जात आले का ते तपासा. नणंदेचं नाव राहिलं तर तिच्यापुरता खटला चालूच राहतो.

आणखी एक सल्ला सर्रास मिळतो: "उच्च न्यायालय कशाला, साक्षीत फिरव तिला." मी याच्या ठाम विरोधात आहे. खरं सोसलेल्या बाईला शपथेवर खोटं बोलायला लावायचं, आणि साक्षीची तारीख येईपर्यंत दोघांनी वर्षानुवर्षं खेटे घालायचे.

आदेश मिळाला की त्याची प्रमाणित प्रत खालच्या कोर्टात आणि पोलीस ठाण्यात द्या, दोन्हीकडून पोच घ्या.