ऱ्हाइन नदीवरील जलवाहतूक

पश्चिम युरोपातील सर्वांत वर्दळीचा नदीमार्ग. स्वित्झर्लंडमधील बाझेलपासून नेदर्लंड्समधील रॉटरडॅमपर्यंत कोळसा, लोहखनिज, तेल, रसायने, खडी-वाळू आणि कंटेनर यांची ने-आण करणाऱ्या बोटी येथे चालतात. 1868 च्या मानहाइम करारामुळे हा मार्ग जकातमुक्त आहे. जर्मनीतील डुइसबुर्ग हे त्यावरील सर्वांत मोठे अंतर्देशीय बंदर.

बाझेलच्या खाली इफेत्सहाइमपर्यंत बोटींना 10 ठिकाणी लॉकमधून, म्हणजे पाणी सोडून बोट खालच्या पातळीला नेणाऱ्या दारबंद कप्प्यातून, उतरावे लागते. पुढे जर्मनीत नदी मोकळी वाहते. पाणी अडवायला काही नाही. त्यामुळे पाऊस आणि आल्प्सचा बर्फ देईल तेवढ्यावर भागवायचे. सारे लक्ष असते ते काउब या छोट्या गावातील पाणीपातळीच्या मापकाकडे, कारण तेथील पात्र उथळ आणि खडकाळ. मापकाचा आकडा म्हणजे पाण्याची खरी खोली नव्हे, खोली त्याहून मीटरभर जास्त असते. पण माल किती भरायचा हे त्यावरच ठरते. ऑक्टोबर 2018 मध्ये तो 25 सेंमी. पर्यंत उतरला, तेव्हा बोटी जवळजवळ रिकाम्या धावल्या. पाणी घटले की भाड्यावर अधिभार चढतो, तोही बहुधा काउबच्याच आकड्यावरून. याच गावासमोर नदीच्या मधोमध चौदाव्या शतकातील जकातीचा किल्ला उभा आहे. वसुली काही गावाला सुटली नाही!

थोडे खाली लोरेलाइच्या कड्यापाशी नदी अरुंद होऊन वळते. समोरची बोट दिसत नाही, म्हणून प्रवाहाविरुद्ध जाणाऱ्या बोटींना काठावरील दिव्यांच्या खुणांनी सावध करतात. समोरून येणाऱ्या बोटीला नेहमीपेक्षा उलट बाजूने ओलांडायचे असल्यास बोट निळी पाटी आणि लुकलुकणारा पांढरा दिवा दाखवते.

बऱ्याच बोटी नवरा-बायकोच्या मालकीच्या. घर मागच्या बाजूला: खिडकीला पडदे, कुंड्या, दोरीवर कपडे, छतावर मोटार. धक्क्याला लागले की बोटीवरचीच छोटी क्रेन मोटार खाली उतरवते. मुले शाळेच्या वयाची झाली की अनेकदा काठावरील वसतिगृहात राहतात. कर्मचाऱ्यांच्या संख्येनुसार बोट दिवसाला 14, 18 किंवा पूर्ण 24 तास चालवता येते.

माइन्त्स ते कोब्लेन्त्स या पट्ट्यात एकही पूल नाही. गावकरी गाडीसकट फेरीबोटीने पलीकडे जातात. मोठा पूर आला की फेरीबोट बंद, मग लांबचा वळसा. पुलाची मागणी जुनी आहे. मात्र हे खोरे 2002 पासून जागतिक वारसास्थळ असल्याने तेथे पूल असावा की नसावा, हा वाद चालूच राहिला.