फुरशाच्या विषापासून डोळ्याच्या इंजेक्शनपर्यंत

फुरसं चावलं की रक्त थांबत नाही, हे कोकणात कुणाला सांगायला नको. त्याच विषातून 1988 ला एकिस्टॅटिन नावाचं प्रोटीन वेगळं काढलं, जेमतेम 49 अमिनो आम्लांचं. तेव्हा सगळं लक्ष प्लेटलेट्सवर होतं, आणि त्याच्याच धर्तीवर बनवलेलं टायरोफिबॅन 1998 ला अमेरिकेत हार्टच्या पेशंटसाठी मंजूर झालं.

एकिस्टॅटिनसारख्या प्रोटीन्सना डिसइंटिग्रिन म्हणतात आणि या नावानेच सगळा घोळ केलाय. ऐकणाऱ्याला वाटतं पेशी विरघळवणारं काहीतरी असणार, डोळ्यात कसं घालायचं ते! पण तसं नाहीये. इंटिग्रिन म्हणजे पेशीच्या अंगावरचे हुक, त्यांनी ती आजूबाजूला धरून पुढे सरकते, आणि डिसइंटिग्रिन नुसतं त्या हुकात आधीच जाऊन बसतं. तोडफोड करणारी मेटॅलोप्रोटिनेज एन्झाइम्स वेगळी, फक्त बरीचशी डिसइंटिग्रिन्स त्यांच्याच मोठ्या साखळीतून सुटून निघतात म्हणून दोघांची गल्लत होते.

1994 ला दिसलं की नवीन फुटणाऱ्या रक्तवाहिन्यांवर अल्फा-व्ही-बीटा-3 हा हुक भरपूर असतो, तो अडवला की वाढ थांबते. डोळ्याच्या काही आजारांत अशाच नको त्या रक्तवाहिन्या फुटतात, म्हणून तिथून डोळ्याचा विचार सुरू झाला. पुढे विक्रोस्टॅटिन आलं, अमेरिकेतल्या कॉपरहेड सापाच्या प्रोटीनला एकिस्टॅटिनची शेपटी जोडून बॅक्टेरियाकडून बनवून घेतलेलं, म्हणजे साप पकडायची गरजच संपली.

पण 2002 ला उलटंच निघालं. हे हुक जन्मतःच नसलेल्या उंदरांच्या ट्यूमरमध्ये रक्तवाहिन्या जास्तच वाढल्या. बऱ्याच जणांनी तिथेच नाद सोडला, माझ्या मते घाईच केली, कारण हुक मुळातच नसणं आणि असलेला हुक अडवणं या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. 2009 चा आक्षेप मात्र खरंच जड आहे, अशीच हुक अडवणारी औषधं अगदी कमी डोसमध्ये उलट रक्तवाहिन्यांच्या वाढीला मदत करतात असं प्राण्यांत दिसलं.

तोवर 2006 ला रॅनिबिझुमॅब हे या रक्तवाहिन्या रोखणारं डोळ्यातलं इंजेक्शन आलं आणि सगळे तिकडे वळले. आईला त्या इंजेक्शनला नेतो तेव्हा कपाळावर मार्करने खूण करतात, कुठला डोळा ते चुकू नये म्हणून, आणि दोन महिने झाले की पुन्हा तीच खूण. त्यामुळे दुसरा मार्ग हवाच असं मला मनापासून वाटतं. पण विषावरून आलेलं एकही डिसइंटिग्रिन डोळ्यासाठी अजून मंजूर नाही, आणि डोळ्यात सोडलेलं औषध हळूहळू विरतच जातं, म्हणजे तो कमी डोसचा टप्पा दर इंजेक्शननंतर येणारच.