व्यस्त चलन: आढकापासून कळशीपर्यंत

लालबागच्या चाळीत पहाटे पाणी आलं की २०० लिटरचा पिंप १० लिटरच्या बादलीने भरायला २० खेपा होतात. शेजारच्या आठवीतल्या मुलीला विचारलं, बादली फुटली नि ८ लिटरची कळशी घेतली तर? तिने झटकन २० गुणिले ८ भागिले १० करून १६ सांगितलं. मग तिची तीच हसली. भांडं लहान आणि खेपाही कमी? उत्तर २५.

हाच हिशेब भास्कराचार्यांनी ११५० साली ‘लीलावती’त धान्यावर मांडला आहे. आढक म्हणजे धान्याचं जुनं माप. ७ आढकांच्या मापाने रास मोजली तर १०० मापं भरतात, ५ आढकांच्या मापाने किती? १४०. तीन माहीत संख्यांवरून चौथी काढायची रीत म्हणजे त्रैराशिक, आणि या उलट्या प्रकाराला नाव ‘व्यस्त त्रैराशिक’. ब्रह्मगुप्तांनी ६२८ मध्येच ते सांगितलं होतं. यात ७ हे ‘प्रमाण’, १०० हे ‘फळ’ आणि ५ ही ‘इच्छा’. साध्या त्रैराशिकात फळाला इच्छेने गुणून प्रमाणाने भागायचं, व्यस्तात प्रमाणाने गुणून इच्छेने भागायचं. दोन्ही रीती इतक्या सारख्या, की चुकीची उचलली तरी आकडा निमूट येतो, त्या मुलीच्या १६ सारखा. म्हणून भास्कराचार्य ओळखायची खूणही देतात: इच्छा वाढली की फळ घटतं, घटली की वाढतं, तिथेच हे त्रैराशिक. सोन्याचा कस आणि वजन हे त्यांचं दुसरं उदाहरण. आणखी एकात स्त्रीचं वय वाढतं तशी तिची किंमत उतरते. ते आजच्या पुस्तकात नाही, हे बरंच झालं.

‘लीलावती’चा जॉन टेलर यांनी केलेला इंग्रजी अनुवाद १८१६ साली छापला गेला तो मुंबईतच. पुढे चाळीसगावजवळच्या पाटणचा शिलालेख उजेडात आणला तो मुंबईच्याच डॉ. भाऊ दाजी लाड यांनी. भास्कराचार्यांचे ग्रंथ शिकवण्यासाठी त्यांच्या नातवाने मठ काढल्याची नोंद त्यात आहे. शाळांचं वळण मात्र निराळं पडलं. १८२० च्या दशकात कॅप्टन जॉर्ज जर्विस यांनी इंग्रजी गणित मराठीत आणलं ते याच शहरात.

आज बालभारतीच्या आठवीच्या पुस्तकात धड्याचं नाव आहे ‘चलन’, म्हणजे एक राशी बदलली की दुसरी कशी बदलते ते. त्रैराशिक हा शब्द आता आजोबांच्या तोंडी तेवढा उरला. व्यस्त चलनात दोन राशींचा गुणाकार कायम राहतो, तो चलनाचा स्थिरांक. इथे तो २००, म्हणजे चक्क पिंप! मला ही मांडणी जुन्या रीतीहून सरस वाटते, कारण काय बदलत नाही ते आधी शोधावं लागतं.

मजुरांच्या उदाहरणांत तेच अवघड जातं. ‘१२ मजूर एक काम १० दिवसांत करतात, १५ मजूर किती दिवसांत?’ स्थिरांक १२०, उत्तर ८. पण हे १२० म्हणजे मजूर-दिवस, डोळ्यांना न दिसणारे, आणि ‘सगळे सारख्याच वेगाने राबतात’ ही अट पुस्तक कधी लिहितं, कधी गृहीत धरतं. पावसाळ्यात मुंबईच्या रस्त्यावर एका खड्ड्याभोवती चौघे उभे आणि एकाच्याच हाती फावडं, हे रोज बघणाऱ्या पोरांना ती अट आधी सांगावीच लागते.