लादीच्या कारखान्यातून उभी राहिलेली हॉकीची रिंक

लॉस एंजेलिसच्या दक्षिणेला पॅरामाउंट नावाचे एक छोटे शहर आहे. तिथे बर्फ पडत नाही, हिवाळ्यात तळी गोठत नाहीत आणि एकेकाळी हा सगळा परिसर दुभत्या गाईंच्या गोठ्यांसाठी ओळखला जाई. अशा गावात १९४० च्या जानेवारीत ‘आइसलँड’ नावाची स्केटिंगची रिंक, म्हणजे कृत्रिम बर्फाचे मैदान, सुरू झाली. तिथे आजही मुले बर्फावरची हॉकी शिकतात. या स्थानिक रिंकचा इतिहास वाचण्यासारखा आहे तो तिथे झालेल्या सामन्यांमुळे नव्हे, तर तिथल्या बर्फामुळे. कारण कृत्रिम बर्फ सपाट कसा ठेवायचा, या प्रश्नाचे उत्तर याच जागी वर्षानुवर्षे प्रयोग करून शोधले गेले.

फ्रँक आणि लॉरेन्स झांबोनी हे दोघे भाऊ १९२० च्या दशकात दूधव्यावसायिकांना विजेची आणि शीतकरणाची कामे करून देत. १९२७ मध्ये त्यांनी बर्फाच्या लाद्या तयार करणारा कारखाना काढला. रेल्वेने दूर जाणारा भाजीपाला ताजा राहावा म्हणून या लाद्यांना मोठी मागणी असे. लादी तयार करण्याची पद्धत आपल्याकडच्या बर्फाच्या कारखान्यात दिसते तशीच असते: पाण्याने भरलेले पत्र्याचे डबे अतिथंड मिठाच्या पाण्यात बुडवून ठेवायचे. खारे पाणी शून्य अंशाच्या खालीही द्रवरूप राहते, त्यामुळे ते डब्यातल्या गोड्या पाण्याची उष्णता शोषून घेते, पण स्वतः गोठत नाही. घरी पॉटचे आइस्क्रीम करताना भोवतालच्या बर्फात खडेमीठ टाकतात, त्यामागेही मिठाचा हाच गुण असतो.

१९३० च्या दशकाअखेर विजेवर चालणारी शीतकरणाची यंत्रे सर्वत्र दिसू लागली आणि लाद्यांची मागणी घटली. यंत्रसामग्री हाताशी होती, विद्याही अवगत होती. मग दोघा भावांनी एका चुलतभावाला सोबत घेऊन तीच विद्या जमिनीवर आडवी पसरायचे ठरवले. रिंकचे क्षेत्रफळ होते २०,००० चौरस फूट. त्यावर इंचभर जाडीचा थर धरला, तर हिशेबाने सुमारे ४३ टन बर्फ होतो. एक किलो पाणी शून्य अंशावर गोठवायलाच त्यातून ३३४ किलोज्यूल उष्णता काढून घ्यावी लागते, हे ध्यानात घेतले म्हणजे या धाडसाचा आवाका कळतो. शिवाय रिंक सुरुवातीला उघड्यावर होती. कॅलिफोर्नियाचे ऊन आणि कोरडे वारे यांच्यापुढे बर्फाचा निभाव लागेना, म्हणून काही महिन्यांतच, मे १९४० मध्ये, तिच्यावर घुमटाकार छत घालण्यात आले.

छताने ऊन अडले, तरी बर्फाखालचा प्रश्न राहिलाच. त्या काळी रिंकच्या तळाशी समांतर नळ्या टाकून त्यांतून थंड खारे पाणी फिरवीत. नळीच्या थेट वरचा भाग अधिक थंड राही, दोन नळ्यांमधला पट्टा कमी. त्यामुळे पृष्ठभागावर पन्हाळी पत्र्यासारख्या बारीक लाटा उमटत. स्केट करणाऱ्याच्या पायाला त्या जाणवतात आणि हॉकीत तर सपाट सरपटत जायला हवी अशी पक, म्हणजे चेंडूऐवजी वापरायची चपटी चकती, त्यांवर उडू लागते. फ्रँक यांनी नळ्यांऐवजी खाऱ्या पाण्याच्या मोठ्या, चपट्या टाक्याच तळाशी बसवल्या. थंडावा सगळीकडे सारखा पोहोचू लागला आणि लाटा नाहीशा झाल्या. या पद्धतीचे पेटंट त्यांना १९४६ मध्ये मिळाले. नंतरच्या प्रसिद्धीत झाकोळून गेलेला हा शोध मला त्यांच्या कामातला सर्वांत सुंदर भाग वाटतो.

आता उरला वरचा पृष्ठभाग. बर्फ निसरडा का असतो, हा प्रश्न वाटतो तितका सोपा नाही. स्केटच्या पात्याच्या दाबाने बर्फ वितळतो, असे पुष्कळ दिवस सांगितले जाई. परंतु बर्फाचा वितळणबिंदू केवळ एका अंशाने खाली आणायलाही वातावरणाच्या सुमारे १३५ पट दाब लागतो, त्यामुळे हे स्पष्टीकरण अपुरे पडते. बर्फाच्या अगदी वरच्या थरातले रेणू आतल्या रेणूंइतके घट्ट बांधलेले नसतात आणि तिथे द्रवासारखा अतिशय पातळ थर असतो, अशी कल्पना मायकेल फॅरेडे यांनी १८५० च्या सुमारास मांडली होती. त्यात घर्षणाच्या उष्णतेची भर पडते आणि पाते घसरते. मात्र तेच पाते बर्फावर चरे पाडते, भुसा उडवते आणि थोड्याच वेळात पृष्ठभाग खरबरीत होऊन जातो.

आइसलँडमध्ये हा पृष्ठभाग पुन्हा नीट करायला तीन-चार माणसे आणि तासाभराहून अधिक वेळ लागे. ट्रॅक्टरमागे बांधलेल्या फाळाने बर्फ तासायचा, भुसा फावड्यांनी उचलायचा, पाणी मारायचे, घाण पुसून काढायची, पुन्हा पाणी पसरायचे आणि ते गोठेपर्यंत थांबायचे. तोवर तिकीट काढून आलेली माणसे कठड्याशी ताटकळत. फ्रँक यांनी १९४२ पासून यावर प्रयोग सुरू केले. आधीची यंत्रे मनासारखी चालली नाहीत. १९४९ मध्ये मात्र युद्धातून उरलेले सुटे भाग जोडून केलेले ‘मॉडेल ए’ रिंकवर उतरले. त्याचे पाते बर्फाचा पातळ पापुद्रा काढी, निघालेला भुसा वरच्या लाकडी पेटीत जाई, चऱ्यांमधली घाण धुऊन निघे आणि मागून पाण्याचा नवा थर पसरला जाई. एका चालकाचे हे काम काही मिनिटांत आटोपू लागले.

आजच्या यंत्रांत हे शेवटचे पाणी बहुधा सुमारे ६० अंश सेल्सियसचे असते. गरम पाणी लवकर गोठते म्हणून ते वापरतात, ही समजूत बरोबर नाही. गरम पाणी जुन्या बर्फाचा वरचा भाग किंचित वितळवते, त्यामुळे नवा थर जुन्याशी एकजीव होतो. शिवाय त्यात विरघळलेली हवा कमी असल्याने बर्फ बुडबुड्यांविना, घट्ट आणि स्वच्छ तयार होतो. हॉकीसाठी हा बर्फ साधारण उणे पाच-सहा अंशांवर ठेवतात, कारण कडक बर्फावर पक वेगाने जाते. नृत्यप्रधान स्केटिंगला त्याहून थोडा मऊ बर्फ मानवतो.

नॉर्वेची विख्यात स्केटर सोनिया हेनी १९५० मध्ये आइसलँडला सरावासाठी आली असता तिने हे यंत्र पाहिले आणि आपल्या दौऱ्यासाठी मागवून घेतले. १९५४ मध्ये ते बोस्टन ब्रुइन्स या हॉकी संघाच्या रिंकपर्यंत पोहोचले. आज उत्तर अमेरिकेत या जातीच्या कोणत्याही यंत्राला लोक सरसकट ‘झांबोनी’ म्हणतात. फ्रँक यांचे १९८८ मध्ये निधन झाले. डागडुजी केलेले ते पहिले ‘मॉडेल ए’ आइसलँडमध्येच, ज्या बर्फासाठी ते घडवले त्याच्या शेजारी, मांडून ठेवण्यात आले.