सहभागी माहितीपट

दिग्दर्शक स्वतः पडद्यावर येऊन ज्यांच्यावर चित्रपट करतो त्यांच्यात वावरतो, त्यांना प्रश्न विचारतो, अशी माहितीपटाची पद्धत. उपसंस्कृतींवरील माहितीपटांत ती विशेष रुळली. बंदिस्त गटात परका माणूस शिरल्यावर गट कसा वागतो, हेच तिथे पाहण्याजोगे असते. अभ्यासक बिल निकल्स यांनी १९९१ मध्ये तिला ‘संवादी’ म्हटले. २००१ पर्यंत ‘सहभागी’ हे नाव स्थिरावले.

उगमाबद्दल मतभेद आहेत. काही जण तो सोव्हिएत दिग्दर्शक झिगा व्हेर्तोव्हपर्यंत मागे नेतात. त्याच्या ‘किनो-प्रावदा’ (१९२२–२५) या वार्तापटमालिकेच्या नावाचे फ्रेंच रूप म्हणजे ‘सिनेमा व्हेरिते’ (‘सत्य-चित्रपट’), आणि फ्रान्समध्ये ही पद्धत याच नावाने ओळखली गेली. शिवाय त्याच्या १९२९ च्या चित्रपटात कॅमेरामन तिपाई खांद्यावर टाकून शहरभर हिंडताना दिसतो. नाव तिथूनच आले, यात वाद नाही. मात्र तो कॅमेरामन कुणाशी संवाद साधत नाही; मूकपटात ती सोयही नव्हती. त्यामुळे पद्धतीचा आरंभ मानवशास्त्रज्ञ झां रूश आणि समाजशास्त्रज्ञ एदगार मोरँ यांनी १९६० च्या उन्हाळ्यात पॅरिसमध्ये चित्रित केलेल्या माहितीपटापासून (प्रदर्शन १९६१) धरणे अधिक सयुक्तिक वाटते. १६ मिमीचा हलका कॅमेरा आणि खांद्याला अडकवता येणारा नाग्रा ध्वनिमुद्रक यांमुळे चालता-बोलता माणूस आवाजासह टिपता येऊ लागला होता. त्या माहितीपटातील एका प्रसंगात सहभागींपैकी मार्सेलिन लोरिदाँ नाग्रा सोबत घेऊन, नाझी छळछावणीतून न परतलेल्या वडिलांविषयी स्वतःशीच बोलत चालते. मोटारीतला कॅमेरा तिच्यापासून दूर दूर जातो. चित्रण झाल्यावर सहभागींना ते दाखवले गेले आणि त्यांची नापसंतीही चित्रपटात ठेवली गेली. हा प्रामाणिकपणा पुढे फार थोड्यांना जमला.

याच सुमारास अमेरिकेतील ‘डायरेक्ट सिनेमा’चे, म्हणजे हस्तक्षेप न करता समोर घडेल ते टिपणारे, दिग्दर्शक मात्र पडद्याआड राहण्याचा आग्रह धरत होते.

ब्रिटिश दिग्दर्शक निक ब्रूमफील्ड कानांवर हेडफोन, हातात मायक्रोफोनचा दांडा अशा वेशात स्वतःच चित्रचौकटीत येतो. दक्षिण आफ्रिकेतील गोऱ्या वर्णवर्चस्ववाद्यांवरील त्याच्या १९९१ च्या माहितीपटात तो पुढारी यूजीन तेरब्लांशच्या भेटीला उशिरा पोहोचतो आणि पुढारी भडकतो. त्या संतापात दिसणारा दर्प सरळ मुलाखतीत हाती लागला नसता. बीबीसीसाठी लुई थरू याने १९९८–२००० मध्ये परग्रहवासीयांवर विश्वास ठेवणारे, जगबुडीची तयारी करणारे अशा अमेरिकेतील गटांत जाऊन मालिका केली. त्याचा मार्ग सौम्य, अघळपघळ प्रश्नांचा आहे.

दिग्दर्शकच नायक होऊन बसतो, हा या पद्धतीवरील मुख्य आक्षेप. अभ्यासक स्टेला ब्रुझी यांच्या मते (२०००) माहितीपट मुळातच कॅमेऱ्यासमोर घडतो. दिग्दर्शकाची उपस्थिती ते उघड करते, एवढेच.